बिनसाखरेचा पाय, कपिलधारच्या पायथ्याशी

काय ऐकावं ते नवलच! ज्या बीड जिल्ह्यातली माणसं दसरा सरला की भांडीकुंडी, कोयते आणि लेकरंबाळं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत घालून उसाच्या फडाकडे निघतात, त्याच जिल्ह्यात म्हणे साखर वाळीत पडलीय. बीड शहरातल्या बऱ्या घरांत आता साखरेचा डबा ओट्यावर दिसत नाही. तो वरच्या फळीवर, पापडाच्या डब्याच्या मागे. पाहुणा अगदीच जुन्या वळणाचा निघाला तरच खाली उतरतो, आणि तोही "आमच्यात कुणी खात नाही हं, तुमच्यासाठी म्हणून" असं जाहीर करून.

बरं, साखर सोडली तर सोडा. गुपचूप सोडा. उपास-तापास काय आपण सोडले-धरले नाहीत? पण नाही. साखर सोडल्याचा पुरावा लागतो, आणि तो पुरावा म्हणजे पाय, चालायचा नव्हे, इंग्रजीतला 'पाय' (pie). फळांचा, बिनसाखरेचा, घरी भाजलेला, वर पट्ट्यापट्ट्यांची जाळी विणलेला. फोनवर त्याचा फोटो आला नाही तर साखर सुटली असं कुणी मानायलाच तयार नाही. करंजी येणाऱ्या बाईला पाय येत नाही म्हणून कमीपणा वाटावा, असे दिवस आले.

हे लोण मांजरसुंब्यापर्यंत आलं तोवर आम्ही गप्प होतो. पण तिथून आत वळलं की कपिलधार. डोंगर, धबधबा, संत मन्मथस्वामींची समाधी. कार्तिकी पौर्णिमेची यात्रा म्हणजे मराठवाड्यातून, कर्नाटकातून, तेलंगणातून पायी दिंड्या येणार. आणि त्या यात्रेला निघालेल्या एका गाडीत म्हणे डब्यात धपाटे, दह्यातली चटणी आणि तिसऱ्या डब्यात "शुगर फ्री सीताफळ पाय"! सासूबाईंनी झाकण उघडलं, पुन्हा लावलं आणि एवढंच विचारलं, "हे खायाचं हाय का दाखवायचं?" सून म्हणाली, "आई, यात साखर अजिबात नाही." सासूबाई म्हणाल्या, "मंग केलं कशाला?"

इथून पुढचं सगळं बोलणं या एका प्रश्नावर आहे.

हे खूळ आणलं कुणी, यावर एकमत नाही. एक गट म्हणतो, पुण्याहून सुट्टीला येणाऱ्या लेकीसुनांनी. दुसरा म्हणतो, डॉक्टरांनी. दुसऱ्या गटाचं म्हणणं अगदीच टाकाऊ नाही. घरातल्या एका कर्त्या पुरुषाचा तीन महिन्यांच्या साखरेचा रिपोर्ट येतो, त्यावर लाल अक्षरात आकडा असतो आणि त्या रात्री अख्ख्या घराचा चहा फिका होतो. 2023 मध्ये आयसीएमआरच्या मोठ्या पाहणीचे निष्कर्ष आले, तेव्हा देशात दहा कोटींहून जास्त मधुमेही निघाले आणि त्याहूनही जास्त लोक उंबरठ्यावर उभे असल्याचं कळलं. तेव्हा भीती खरी आहे. तिच्यावर हसू नये. हसायचं ते भीतीवर काढलेल्या उताऱ्याला.

आणि उतारे काय कमी झाले? आठवा ते 2018 चं साल. लातूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातले डॉ. जगन्नाथ दीक्षित म्हणाले, दिवसातून दोनदाच जेवा, पंचावन्न मिनिटांत उरका, मधे तोंड उघडू नका. तिकडून आहारतज्ज्ञ ऋजुता दिवेकर म्हणाल्या, थोडं थोडं दर दोन तासांनी खा, तूप खा, भात खा, आजीनं खाल्लं तेच खा. झालं! घराघरांत दोन चुली. नवरा दीक्षित, बायको दिवेकर. लग्नाच्या पंगतीत वाढप्यानं जिलेबी पुढे केली की माणूस आधी घड्याळ बघायचा. मराठवाड्यात तर दीक्षित म्हणजे घरचेच, त्यामुळे त्यांच्या बाजूचे लोक जरा जास्तच कडवे. त्या वेळी आम्हाला वाटलं होतं, याहून पुढे काही जाणार नाही. पण तेव्हा निदान गोड खायचं की नाही एवढाच वाद होता. आता गोड खायचंय, पण ते गोड नाही असं सिद्ध करून खायचंय.

त्यातून या नव्या मंडळींत तीन पंथ पडलेत.

पहिला पंथ गूळवाल्यांचा. हे सर्वांत जोरात बोलतात. "आम्ही साखर पूर्ण बंद केलीय, सगळं गुळात." अहो, गूळ काय आकाशातून पडतो? ज्या फडात साखरेचा ऊस तुटतो तसल्याच फडातल्या उसाचा तो. गुळात निम्म्याहून कितीतरी जास्त भाग साखरच असते. वर थोडं लोह, थोडी खनिजं आणि खूपसा अभिमान. रक्तात गेल्यावर गूळ आणि साखर वेगवेगळ्या दारांनी आत जात नाहीत. पण हे गूळवाल्यांना सांगायची हिंमत कुणात नाही, कारण ते लगेच आजोबा काढतात. "आमचे आजोबा नव्वद वर्षं गूळ खाऊन जगले." आजोबा कोसभर चालत रानात जात होते, हे मात्र सोयीनं विसरतात.

दुसरा पंथ खजूरवाल्यांचा. हे जरा सुशिक्षित. मिक्सरमध्ये भिजवलेला खजूर फिरवतात आणि त्याला "नैसर्गिक" म्हणतात. सुकलेल्या खजुरात वजनाच्या साठ टक्क्यांच्या आसपास साखर असते. चोथा असतो, मान्य. तो चांगला, तेही मान्य. पण वाटीभर खजूर घातलेल्या पायाला बिनसाखरेचा म्हणणं म्हणजे चोराला घरात घेऊन त्याला पाहुणा म्हणणं.

तिसरा पंथ पुडीवाल्यांचा. स्टीव्हिया, सुक्रालोज, ॲस्पार्टेम. यांच्या पर्समध्येच छोटी डबी असते. चहा आला की खटकन एक गोळी. आणि इथे एक मराठी भानगड आहे, ती ऐकाच. सुक्रालोजचा शोध 1976 मध्ये लंडनच्या क्वीन एलिझाबेथ कॉलेजात लागला, आणि तो लावणाऱ्यांत होते शशिकांत फडणीस! प्राध्यापक लेस्ली हफ यांच्या हाताखाली संशोधन करत होते. साखरेच्या रेणूवर क्लोरीन चढवून केलेला एक पदार्थ तपासून बघायला सांगितलं, यांच्या कानांना ते चाखून बघ असं ऐकू आलं. इंग्रजीतले ते दोन शब्द आपल्या कानाला सारखेच. आणि यांनी चाखला! प्रयोगशाळेतला पदार्थ! आई असती तर पाठीत धपाटा घातला असता. निघाला साखरेच्या सहाशे पट गोड.

आता यातली खरी गंमत बघा. सुक्रालोज बनतं कशापासून? साखरेपासूनच. म्हणजे साखर टाळायला जी पुडी फोडायची, तिच्या मुळाशीही साखरच. साखर सोडून जायचं म्हटलं तरी वाट कारखान्यावरूनच जाते.

पुडीवाल्यांची आणखी एक फजिती सांगितली जाते. एकीनं ॲस्पार्टेमच्या गोळ्या कुटून पायाच्या सारणात घातल्या आणि भट्टीत ठेवला. पाय निघाला अगदी आळणी. ॲस्पार्टेमला उष्णता सोसत नाही, तापलं की गोडी जाते. पाहुणे बिचारे एकमेकांकडे बघत खात होते आणि "छान, अगदी हलकं झालंय" म्हणत होते. दुसरीकडे तयार मिळणाऱ्या शुगर फ्री मिठाईवर एकानं आडवा हात मारला. तिच्यात माल्टिटॉलसारखी अल्कोहोलं असतात. घाबरू नका, नुसतं नाव तसं, नशा नाही. पण जास्त झाली की पोट ढळतं. पाकिटावर तशी सूचना बारीक अक्षरात असते. बारीक अक्षर वाचतो कोण? सकाळी मात्र सगळ्या वाड्याला कळलं.

आणि या सगळ्यात खर्च किती? साखरेची किलोची पिशवी कुठे, आणि बदामाचं पीठ, ओट्स, खजूर, स्टीव्हियाची डबी, दालचिनी, "अनसॉल्टेड" लोणी, काचेचं भांडं कुठे! साखर घालायला चार आणे लागतात, न घालायला पाचशेची नोट. हा हिशोब कुणीच मोठ्यानं करत नाही. आम्ही केला, म्हणून आम्ही जुन्या वळणाचे.

आता त्या सीताफळाच्या पायाकडे येऊ, कारण खरा तमाशा तिथेच झाला.

बालाघाटाच्या या डोंगरांत सीताफळ कुणी लावायला गेलं नव्हतं. खडकाळ रानात, बांधाला, माळावर आपसूक येतं. पाणी कमी मिळालं तरी त्याची तक्रार नसते. 2016 मध्ये बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन मिळालं, म्हणजे सरकार दरबारीही हे आपलं म्हणून लागलं. मूळचं झाड अमेरिका खंडातलं, पण आता इथलंच म्हणायचं. दसरा-दिवाळीला रस्त्याच्या कडेला पाट्या लावून बायका बसतात. हातात घेऊन दाखवतात, "बघा, डोळे उघडलेत." डोळे उघडलेलं सीताफळ म्हणजे पिकायला लागलेलं. खापांच्या मधल्या रेषा पिवळट पडतात, फळ दाबलं की किंचित देतं. घरी नेऊन दोन दिवसांत खायचं, तिसऱ्या दिवशी चिलटं.

असलं हे फळ सूनबाईंनी पायात घातलं आणि तासभर भाजलं. निघालं काय? कडू! नुसतं कडू नाही, वर तपकिरी. आणि मग घरभर शोध, दूध नासलं होतं का, दालचिनी जुनी होती का, कुणाची नजर लागली का. दोष कुणाचाच नव्हता. सीताफळाचा गर तापला की कडवट होतो आणि काळवंडतो. आपल्या बासुंदीवाल्यांना हे पिढ्यान् पिढ्या माहीत आहे. ते दूध आटवतात, गार करतात आणि मगच गर घालतात. पण बासुंदीवाल्याला विचारायचं कसं? त्याच्या दुकानात साखर असते!

शिवाय गर काढताना मिक्सर गरगर फिरवला, बिया फुटल्या. त्या बिया विषारी. जुन्या बायका उवांसाठी त्यांची पूड डोक्याला लावायच्या, आणि डोळ्यांत जाऊ नये म्हणून कपाळावर फडकं बांधायच्या. ते औषध सूनबाईंनी पायात घातलं! नशीब, कडू होता म्हणून कुणी खाल्ला नाही.

असो. एवढी बदनामी केली, तर निदान करायचा कसा तेही सांगून टाकू. नाहीतर लोक म्हणतील, यांना येत नाही म्हणून नावं ठेवतात.

सुरुवात पारीपासून. नुसत्या ज्वारीच्या पिठाची पारी करायला जाऊ नये. ज्वारीला चिकटपणा नाही, म्हणून तर भाकरीला आधणाचं पाणी लागतं. पारी भांड्यात बसवताना तुकडे पडतात आणि मग तोंडावर सांगायचं, "रस्टिक लुक आहे." निम्मी ज्वारी, निम्मं गव्हाचं पीठ घ्यावं. करंजीला आपण कडकडीत मोहन घालतो, इथे उलटं. तूप थंड, अगदी थिजलेलं, आणि ते बोटांच्या टोकांनी पिठात चोळायचं, रव्यासारखं दिसेपर्यंत. तळव्यानं चोळलं की तुपाला ऊब लागते आणि खुसखुशीतपणा जातो. मग फ्रिजमधलं पाणी चमच्या-चमच्यानं. जेमतेम गोळा होईल एवढंच. अर्धा तास झाकून थंडीत ठेवायचा.

भट्टी नाही म्हणून रडू नये. जाड बुडाचा कुकर घ्या, शिट्टी काढा, रबर काढा, तळाला जाड मीठ पसरा, त्यावर स्टँड. रिकामा दहा-पंधरा मिनिटं तापवा, गॅस मंद करा. पारी ताटलीत बसवून काट्यानं टोचे मारा, वर कागद आणि त्यावर मूठ-दोन मूठ हरभरे, म्हणजे ती फुगून वर येणार नाही. कडा सोनेरी व्हायला लागल्या की हरभरे काढून अजून थोडा वेळ. पिठात साखर नाही म्हणून रंग फिका राहतो. वरून दुधाचा हात फिरवला की बरा येतो.

सारण सीताफळाचं असेल तर ते विस्तवाला दाखवायचंच नाही. दूध आटवा, त्यात थोडं कॉर्नफ्लॉवर कालवून दाट करा आणि पूर्ण गार होऊ द्या. हातानं बिया काढून, चाळणीतून दाबून घेतलेला गर मग त्यात मिसळा. थोडा लिंबाचा रस, म्हणजे काळवंडणार नाही. हे गार झालेल्या पारीत भरा आणि फ्रिजमध्ये ठेवा. साखर ओलावा धरून ठेवते, ती नाही म्हणून सारण पाणी सोडतं. तेव्हा हा पाय त्याच दिवशी संपवायचा, "उद्या पाहुण्यांना" म्हणून ठेवायचा नाही. आणि तापवायचाच असेल तर पेरू घ्या. पेरूला विस्तव मानवतो. बिया काढून, चिरून, दालचिनीच्या तुकड्याबरोबर त्याच्याच रसात आटवला की साखरेची आठवण येत नाही.

एवढं सगळं नीट केलं, चवही आली, तरी एक अडचण उरतेच. नाव! अन्नसुरक्षेच्या 2018 च्या नियमांप्रमाणे पाकिटावर "शुगर फ्री" छापायचं तर शंभर ग्रॅमला अर्ध्या ग्रॅमहून जास्त साखर चालत नाही. आणि सीताफळाच्या शंभर ग्रॅम गरात कर्बोदकंच वीस ग्रॅमांच्या वर, त्यातली बरीचशी साखर. म्हणजे जगातला कुठलाही फळांचा पाय कायद्यानं शुगर फ्री ठरत नाही. फार तर "वरून साखर न घातलेला" म्हणा. पण त्यात कुठे मान आहे? "वरून साखर न घातलेला सीताफळ पाय" असं फोटोखाली लिहिलं तर लाइक कोण देणार?

पुडीवाल्यांनाही जागतिक आरोग्य संघटनेनं मे 2023 मध्ये समज दिलीच. वजन कमी करायला म्हणून या गोड पुड्या वापरू नका, लांबच्या पल्ल्यात त्यानं चरबी उतरते असं दिसत नाही. आधीपासून मधुमेह असलेल्यांना ही सूचना लागू नाही, असंही त्यात स्पष्ट होतं. पण आपल्याकडे अर्धवट बातमी पूर्ण जोरात पसरते. काहींनी पुडी सोडली आणि गुळाकडे गेले, काहींनी गूळ सोडून खजूर धरला. पंथ बदलले, पाय तोच.

आता कपिलधारच्या यात्रेचं. तिथे दुकानांच्या रांगेत गोडीशेव, रेवड्या, पेढे, साखरफुटाणे, बत्तासे, सगळं उघडपणे मांडलेलं. कुणी लाजत नाही, कुणी लपवत नाही. चार दिवस दिंडीत चाललेला म्हातारा दहा रुपयांची गोडीशेव कागदात घेऊन पायरीवर बसतो, चार कांड्या खातो, बाकीची नातवंडांसाठी उपरण्यात बांधतो. त्याच्या रिपोर्टात काय आहे ते आम्हाला माहीत नाही. पण मोजून खायला त्याला कुणाचा व्हिडिओ बघावा लागला नाही. त्याच्या शेजारी दुसऱ्या एका गाडीतली मंडळी, आपल्या बिनसाखरेच्या पायाचे आठ तुकडे करून, प्रत्येकी दोन. का? "यात साखर नाही ना, खा बिनधास्त!"

सगळा घोटाळा इथेच आहे. साखर घातलेली जिलेबी माणूस एक खातो, कारण मनात धाक असतो. बिनसाखरेच्या पायाचा तो धाकच निघून गेला. तूप तेवढंच, पीठ तेवढंच, फळाची साखर जागच्या जागी, वर दुप्पट तुकडे. रिपोर्टातला आकडा खाली येणार कसा?

आणि याच दिवसांत, याच रस्त्यानं, ट्रॉल्या चाललेल्या असतात. यात्रेला येणाऱ्या दिंड्या आणि फडाला जाणाऱ्या ट्रॉल्या एकमेकींना मांजरसुंब्याच्या चौकात ओलांडतात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता, उचल घेतलेली, बिऱ्हाड मागे बांधलेलं, परतायचं ते पाडव्याच्या आगेमागे. पहाटे अंधारात फडात उतरायचं, कोयत्यानं ऊस तोडायचा, मोळ्या बांधायच्या, वाहायच्या, वाढं विकून चार पैसे करायचे. त्यांचा चहा कोरा, कडक आणि गोड. त्यांतल्या एका बाईला कुणी सांगितलं, "मावशी, शहरातले लोक आता साखर खायचं सोडायलेत." ती म्हणाली, "सोडू द्या की. आमची तेवढी रोजी नका सोडवू म्हणावं." आणि मग पुढे, हसून, "पर मंग इतका ऊस जायलाय कुठं?"

या प्रश्नाचं उत्तर साखर सोडलेल्या एकाही घरानं अजून दिलेलं नाही. ऊस कमी झालेला दिसत नाही, कारखान्यांची धुराडी थांबलेली नाहीत, आणि साखर खाणारा मात्र जिल्ह्यात शोधून सापडत नाही.

तेव्हा पंचांचा निवाडा असा. पाय करा, हौसेनं करा, हौसेला कुणाची ना नाही. सीताफळ विस्तवावर नेऊ नका. गुळाला साधू म्हणू नका. मधुमेह असेल तर तुकड्याचा आकार डॉक्टरांना विचारा, शेजारणीला नाही. आणि नसेल तर रस्त्याच्या कडेला पाटी लावून बसलेल्या बाईकडून डोळे उघडलेली दोन सीताफळं घ्या, एक आज, एक उद्या. ना पारी, ना पुडी, ना भट्टी, आणि चार पैसे त्या पाटीवालीच्या पदरात.

सूनबाईंना हा निवाडा मंजूर नाही असं कळतं. त्या आता बिनसाखरेच्या पुरणपोळीच्या मागे लागल्यात. सासूबाईंनी माहेरी फोन केलाय. पुढचं कळलं की सांगूच.